शेपूतील खारवलेली काकडी : बरणीतील दोष आणि त्यांचे शेतातील मूळ

खारवलेली काकडी मऊ पडली, आतून पोकळ निघाली किंवा बरणीला उग्र वास सुटला, की दोष मिठाला, पाण्याला किंवा करणाऱ्याच्या हाताला दिला जातो. यांतील काही दोष खरोखरच स्वयंपाकघरातले असतात. परंतु पुष्कळ बरण्यांचा निकाल काकडी वेलीवर असतानाच लागलेला असतो: माशीने सालीखाली अंडी घातली त्या दिवशी, मधमाशी फुलावर फिरकली नाही त्या सकाळी, किंवा तोडणी दोन दिवस लांबली तेव्हा. म्हणून हा पाककृतीचा विषय असला, तरी त्याचा विचार कीटकशास्त्राच्या बाजूने करणे विस्तार कार्यकर्त्यांच्या अधिक उपयोगाचे ठरेल.

शेपू, लसूण आणि मिठाचे पाणी यांत आंबवलेली छोटी काकडी हा मूळचा पूर्व व मध्य युरोपातील पदार्थ. पोलंड, रशिया, जर्मनी या भागांतून तो स्थलांतरितांबरोबर अमेरिकेत पोहोचला. मिठाच्या पाण्यात फळ टिकवण्याची रीत मात्र मराठी घरांना परकी नाही; कोकणात कैऱ्या आणि फणसाचे गरे असेच ठेवले जातात. या पदार्थासाठी लागणारी छोटी काकडी, म्हणजे घेरकिन, भारतात 1990 च्या दशकाच्या आरंभी कर्नाटकात लावली जाऊ लागली आणि पुढे तमिळनाडू, आंध्र प्रदेश व तेलंगणात पसरली. केंद्रीय वाणिज्य मंत्रालयाने जानेवारी 2022 मध्ये दिलेल्या माहितीनुसार सुमारे 65,000 एकरांवर जवळपास 90,000 लहान व सीमांत शेतकरी कराराने हे पीक घेतात, आणि 2020-21 मध्ये काकडी व घेरकिनची निर्यात 2,23,515 टन होती. एका हंगामाला एकरी सरासरी चार टन उत्पादन आणि नव्वद दिवसांचे पीक, असा हा हिशेब आहे.

या व्यवस्थेत एक अडचण आहे. घेरकिनची प्रतवारी किलोमागे किती नग बसतात यावर होते. बारीक फळाला चढा भाव, जाड फळाला उतरता. वाकडे, फुगलेले, डागी फळ संकलन केंद्रावर नाकारले जाते आणि स्थानिक बाजारात त्याला गिऱ्हाईक नसते. अशा वेळी ‘नाकारलेल्या मालाचे लोणचे घाला’ असा सल्ला बचत गटांना दिला जातो. हा सल्ला अर्धाच बरोबर आहे.

नाकारलेला माल : कोणता चालतो, कोणता नाही

आकारामुळे नाकारलेली काकडी खारवण्यास योग्य असते. वाकडे फळ बरणीत नीट बसत नाही, एवढाच त्याचा दोष. फुलाकडील टोकाशी निमुळती झालेली किंवा मध्येच आवळलेली काकडी बहुधा अपुऱ्या परागीभवनाची असते. काकडीचे मादी फूल एकच दिवस उमलते आणि त्या दिवसात सातेरी किंवा फुलोरी मधमाश्यांच्या अनेक फेऱ्या झाल्या, तरच फळ सर्वांगाने भरते. परागीभवनावाचून फळ धरणारे वाण याला अपवाद आहेत. सकाळच्या प्रहरी, फुले उघडी असताना केलेली फवारणी त्या दिवशीच्या फळांचा आकार बिघडवते. शेतकरी मात्र त्याचे कारण बियाण्यात शोधत राहतो.

जाड काकडी चालते, पण ती अखंड न घालता उभ्या फोडी कराव्यात. जाड फळात आंबण्याच्या क्रियेतील कार्बन डायऑक्साइड वायू कोंडतो आणि गर फाटून पोकळी पडते. घरच्या बरणीसाठी 7 ते 10 सेंटिमीटर लांबीची काकडी उत्तम. घेरकिन न मिळाल्यास हिमांगी, फुले शुभांगी किंवा पुणेरी खिरा यांची कोवळी फळे, बिया टणक होण्याआधी तोडलेली, वापरता येतात. बाजारात चकाकीसाठी मेण लावलेली काकडी मात्र घेऊ नये. मेणातून मिठाचे पाणी आत शिरत नाही.

कीटकाने जखमी केलेले फळ ही वेगळी गोष्ट आहे. फुलकिड्यांनी खरवडलेल्या सालीवर तपकिरी, खडबडीत चट्टे राहतात. गर शाबूत असेल तर ते फक्त दिसायला वाईट. पाने गुंडाळणारी अळी, म्हणजे डायाफानिया इंडिका, हिरव्या अंगावरच्या दोन पांढऱ्या रेषांवरून ओळखू येते. ती पानाला टेकलेल्या फळाची साल कुरतडते आणि कधी आत शिरते. वरवर कुरतडलेला भाग कापून उरलेली काकडी ताजी खाता येईल. बरणीत घालू नये. खरा प्रश्न फळमाशीचा आहे.

सालीखालची अळी

वेलवर्गीय फळांवरील माशी, झ्यूगोडॅकस कुकुरबिटी, आपली टोकदार अंडनलिका कोवळ्या फळात खुपसून सालीखाली अंडी घालते. उबदार हवेत ती एक-दोन दिवसांत उबतात. अळ्या गर खात आठवडाभरात वाढतात, फळाबाहेर उडी घेऊन जमिनीत कोषावस्थेत जातात आणि पुढील पिढी पुन्हा त्याच वेलींवर येते. घेरकिनची तोडणी फूल लागल्यावर थोड्याच दिवसांत होत असल्याने अळी क्वचितच दिसते. तोडलेल्या फळात असतात ती अंडी किंवा केसाएवढ्या अळ्या. म्हणूनच फसगत होते: फळ हिरवेगार, टणक, आणि डंख टाचणीच्या टोकाएवढा.

डंख ओळखण्याची खूण आहे. त्या जागी चिकाचा थेंब येऊन वाळतो आणि मधासारखा तांबूस, पारदर्शक कण सालीवर राहतो. धुताना तो निघून जातो, म्हणून निवड धुण्याआधी आणि उजेडात करावी. शंका असलेली फळे एक दिवस सावलीत वेगळी ठेवल्यास डंखाभोवतीचा भाग बहुधा पाणचट होतो. याशिवाय प्रत्येक तोडणीतील वीसेक फळे उभी चिरून पाहण्याची सवय गटातील महिलांना लावावी. वीसांत दोन डंखी निघाली, तर तो सगळा माल खारवण्यासाठी घेऊ नये, इतका कडक निकष ठेवणे इष्ट.

एवढी काळजी कशासाठी? मिठाच्या पाण्यात अळी मरतेच. परंतु डंखाच्या छिद्रातून किण्व आणि गर सडवणारे जिवाणू आधीच आत गेलेले असतात. बाहेरच्या पाण्यात लॅक्टिक आम्ल तयार करणारे उपयुक्त जिवाणू जोर धरेपर्यंत फळाच्या आत दुसऱ्याच जीवाणूंचे राज्य असते. गर विरघळतो, वायू साठतो, आणि त्या एका फळातील गर पाझरून शेजारची चांगली फळेही बिघडतात. शिवाय तयार बरणीत मेलेली अळी दिसली, तर त्या गटाचा माल त्या गावात पुन्हा विकला जात नाही.

रोजची तोडणी आणि फवारणी

घेरकिनची तोडणी सुरू झाली की ती रोज करावी लागते. एक दिवस खंड पडला तरी फळाची प्रत उतरते. प्रत्येक कीटकनाशकाच्या वेष्टनावर फवारणी आणि काढणी यांमधील प्रतीक्षा कालावधी दिलेला असतो, तो काही दिवसांचा असतो. रोज तोडल्या जाणाऱ्या पिकात तो पाळणे शक्य नाही. याचा सरळ अर्थ असा, की तोडणी सुरू झाल्यावर रासायनिक फवारणीचा मार्ग व्यवहारात बंद होतो. खारवलेली काकडी सालीसकट खाल्ली जाते आणि पुष्कळ घरांत तिचा खारही वापरला जातो, तेव्हा अवशेषांचा प्रश्न इथे ताज्या काकडीपेक्षा अधिक गंभीर समजावा. आंतरप्रवाही कीटकनाशक गरात उतरलेले असते. मीठ, हळद किंवा सोडा घातलेल्या पाण्याने कितीही धुतले तरी ते निघत नाही.

उरतो तो मार्ग स्वच्छतेचा, सापळ्यांचा आणि आमिषाचा. एकरी 8 ते 10 क्यूल्युअर सापळे फुलोऱ्याच्या आधीपासून लावावेत. येथे एक चूक वारंवार आढळते: आंब्याच्या बागेतील मिथाइल युजेनॉलचे सापळे काकडीत टांगले जातात. त्यांत आंब्यावरील माशी भरभरून सापडते, शेतकरी समाधानी होतो, आणि काकडीवरील माशी मोकळी राहते. तिचे नर मिथाइल युजेनॉलकडे येत नाहीत. क्यूल्युअरकडेही केवळ नरच येतात. अंडी घालणारी मादी प्रथिनयुक्त किंवा गुळाच्या आमिषाने आकर्षित होते. ही माशी दिवसाचा बराच वेळ काकडीच्या वेलीवर नसून बांधावरच्या मक्यासारख्या उंच पिकावर विसावते. म्हणून कडेने मक्याच्या दोन ओळी घेऊन आमिषाचे ठिपके त्यांवर द्यावेत, फळांवर देऊ नयेत.

या सर्वांहून मोठे काम नाकारलेल्या फळांच्या विल्हेवाटीचे आहे. बांधावर फेकलेली डंखी काकडी म्हणजे माशीची रोपवाटिकाच. ती गोळा करून किमान 2 फूट खोल पुरावी, किंवा जाड प्लास्टिक पिशवीत घट्ट बांधून काही दिवस कडक उन्हात ठेवावी. आणखी एक युक्ती आहे. बारीक जाळीच्या बंद तंबूत ही फळे ठेवली, तर माशी आत अडकते आणि तिच्या अळीवर जगणारी चिमुकली गांधीलमाशी जाळीतून बाहेर पडते. अशीच एक परजीवी जात, सायटालिया फ्लेचेरी, 1916 मध्ये भारतातून हवाई बेटांवर याच माशीच्या नियंत्रणासाठी नेण्यात आली होती. आपल्या शेतात ती फुकट मिळते, आणि आपण तिला फवारणीने मारतो.

पाने गुंडाळणाऱ्या अळीसाठी बॅसिलस थुरिंजिएन्सिस या जिवाणूवर आधारित कीटकनाशक, अळ्या लहान असताना आणि संध्याकाळच्या वेळी, वापरावे.

फुलाकडील टोक

काकडी मऊ पडण्याचे एक कारण इतके साधे आहे, की त्यावर सहज विश्वास बसत नाही. कोवळ्या फळाच्या टोकाला वाळलेले फूल चिकटून राहते. त्यावर वाढणाऱ्या बुरशी पेक्टिन विरघळवणारे विकर तयार करतात. फळाच्या पेशी एकमेकींना सांधून ठेवणारा पदार्थ म्हणजे पेक्टिन. तो विरघळला की करकरीतपणा संपला. अमेरिकेतील उत्तर कॅरोलिना राज्यात रॅले येथील प्रयोगशाळेत एचेल्स, बेल आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी 1950 च्या दशकात मोठ्या टाक्यांतील काकडीच्या मऊपणाचा माग काढला, तो या फुलांपर्यंत पोहोचला. उपाय एवढाच, की फूल चोळून काढावे आणि त्या टोकाची दीड ते दोन मिलिमीटर जाडीची चकती कापून टाकावी. देठाकडे अर्धा सेंटिमीटर देठ राहू द्यावा. कोणते टोक कोणते, याची गल्लत झाली तर सगळे श्रम वाया जातात.

बरणीत द्राक्षाचे पान घालण्याचा सल्ला परदेशी पाककृतींत आढळतो. त्या पानातील घटक या विकरांना आवर घालतात, हे खरे. परंतु टोक कापल्यावर पानाची गरज राहत नाही. नाशिक-सांगलीकडील फवारलेल्या बागेतील पान तर कदापि घालू नये. कुरकुरीतपणासाठी चुन्याच्या निवळीत काकडी भिजवण्याची रीतही जपून वापरावी. चुना आम्ल मारतो, आणि या पदार्थाची सुरक्षितता आम्लावरच उभी आहे. भिजवलेच, तर ताज्या पाण्यात तासभर ठेवून ते पाणी बदलणे, असे तीन वेळा करावे.

बरणी भरणे

तोडणीनंतर 24 तासांच्या आत काकडी मिठाच्या पाण्यात जावी. एक किलो काकडीस एक लिटर पाणी, 80 ग्रॅम मीठ, 5 टक्के आम्लतेचा 30 मिलिलिटर सिरका, शेपूची दोन-तीन पक्व फुलोऱ्याची छत्रे किंवा एक मोठा चमचा बाळंतशेपा, लसणाच्या दोन पाकळ्या आणि एक-दोन सुक्या मिरच्या हे प्रमाण चांगले. मीठ पाण्यात 8 टक्क्यांच्या जवळ वाटते खरे. पण काकडीतच पाणी 95 टक्के असल्यामुळे काही दिवसांत सर्वत्र मिळून ते साधारण 4 टक्क्यांवर स्थिरावते. या खारटपणात लॅक्टिक आम्लाचे जिवाणू वाढतात आणि सडवणारे बहुतेक मागे पडतात. ‘खारट होईल’ म्हणून मीठ अर्ध्यावर आणणे ही नवशिक्यांची नेहमीची चूक.

मीठ खडे किंवा साधे, स्वच्छ असावे. आयोडीनयुक्त बारीक मिठाने धोका नसतो, पण त्यात गुठळ्या होऊ नयेत म्हणून मिसळलेल्या पदार्थांमुळे खार गढूळ होतो. विहिरीचे जड पाणी असेल तर ते पंधरा मिनिटे उकळून एक दिवस निवळू द्यावे आणि वरचे पाणी घ्यावे. भांडे काचेचे किंवा चिनी मातीचे. तांबे, पितळ, ॲल्युमिनियम वर्ज्य. निम्मा शेपू तळाशी, त्यावर काकडी, वर उरलेला शेपू, आणि मग खार. काकडी खाराबाहेर डोके काढता कामा नये. वर ताटली ठेवून, त्यावर मिठाचेच पाणी भरलेली बंद पिशवी वजनासाठी ठेवावी; पिशवी गळाली तरी खार पातळ होत नाही.

तापमान, साय आणि चिलटे

21 ते 24 अंश सेल्सिअस तापमानात काकडी तीन ते चार आठवड्यांत तयार होते. 27 अंशांपुढे ती मऊ पडते. दख्खनच्या पठारावर नोव्हेंबर ते फेब्रुवारी हा काळ म्हणूनच योग्य. विदर्भाच्या एप्रिलमध्ये ही पद्धत शिकवू नये. तेथे पुढे दिलेली सिरक्याची रीत बरी. पहिल्या आठवड्यात बुडबुडे येतात, खार दुधाळ होतो, तळाशी पांढरा गाळ बसतो. हे सर्व अपेक्षितच. रंग हिरव्यावरून शेवाळी पिवळट होतो, तोही आम्लाचा परिणाम.

पृष्ठभागावर पांढरी साय धरली तर ती दर एक-दोन दिवसांनी काढावी. ती तशीच राहिली, तर त्यातील किण्व आणि बुरशी आम्ल खाऊन टाकतात. खाराचा सामू 4.6 च्या खाली राहणे अत्यावश्यक आहे. त्यावर गेल्यास क्लॉस्ट्रिडियम बोट्युलिनम या जीवघेण्या जिवाणूला वाव मिळतो. नीट आंबलेल्या बरणीत सामू 3.5 च्या आसपास असतो. सामू तपासण्याच्या पट्ट्या स्वस्त आहेत, आणि विक्री करणाऱ्या गटाने प्रत्येक बरणीची नोंद ठेवलीच पाहिजे. फळ बुळबुळीत झाले किंवा दुर्गंधी आली तर चव न घेता सगळी बरणी टाकून द्यावी.

बरणीभोवती चिलटे घोंघावू लागली, की ‘काकडीतच माशी होती’ असा समज होतो. ही चिलटे ड्रोसोफिला कुळातील असून आंबूस वासाने बाहेरून येतात. शेतातील फळमाशीशी त्यांचा संबंध नाही. मात्र त्यांच्या पायांवर किण्व आणि सिरका-जिवाणू असतात, आणि संधी मिळाल्यास ती सायीवर अंडी घालतात. घट्ट विणीचे कापड दोराने बांधणे पुरेसे आहे. विरळ मलमल चालत नाही.

तयार बरणी फ्रिजमध्ये चार ते सहा महिने टिकते.

सिरक्यातील काकडी

आंबवण्याऐवजी सिरक्यात काकडी घालायची, तर परदेशी प्रमाण 5 टक्के आम्लतेचा सिरका 3 भाग आणि पाणी 4 भाग असे असते. भारतात सिरक्याची किमान आम्लता 3.75 टक्के ठरवलेली आहे आणि बाजारातील पुष्कळ बाटल्या 4 टक्क्यांच्या आसपास असतात. वेष्टन न वाचता परदेशी प्रमाण उचलले तर आम्ल कमी पडते. 4 टक्क्यांचा सिरका असेल तर तो 15 भाग आणि पाणी 13 भाग घ्यावे. भरलेल्या, झाकण लावलेल्या बरण्या पाण्यात बुडवून 82 ते 85 अंशांवर 30 मिनिटे ठेवल्यास काकडी कुरकुरीत राहते. पाण्याला उकळी आली तर ती शिजते. तापमापक नसेल तर ही रीत करू नये.

शेपूचे वाफे

शेपू भाजीसाठी आपण कोवळा कापतो. खारासाठी मात्र बी हिरवट पिवळे झालेले छत्र लागते, म्हणून शेपूची पेरणी काकडीच्या आधी किंवा फार तर तिच्याबरोबर करावी. काकडी पस्तिसाव्या दिवसाच्या सुमारास तोडणीला येते. शेपूला बी धरायला याहून पुष्कळ अधिक वेळ लागतो. दोन काकडी-ओळींमागे शेपूची एक ओळ फुलू दिली, तर सिरफिड माश्या, ढालकिडे आणि चिमुकल्या गांधीलमाश्या त्याच्या उघड्या, उथळ फुलांतील मधुरसावर पोसल्या जातात आणि काकडीवरील मावा व अळ्यांच्या अंड्यांवर उतरतात. शेपूच्या छत्रावर स्वतःचा मावा येतो, बहुधा कोथिंबिरीवर येतो तोच. म्हणून शेपूवर फवारू नये. छत्रे कापल्यावर ती उलटी धरून झटकावीत, मिठाच्या पाण्यात दहा मिनिटे बुडवून पुन्हा झटकावीत, आणि मावा उरलेली छत्रे बियाण्यासाठी रोपावरच राहू द्यावीत.